टंचाईचे पोवाडे

कमी पैशांत झालेला एखादा मराठी सिनेमा महोत्सवात दाखवून झाला, की नंतरच्या प्रश्नोत्तरांत एक वाक्य ठरल्यासारखं येतं. निर्माता माइक हातात घेतो आणि सांगतो, ‘‘आमच्याकडे लाइटच नव्हते हो, म्हणून तर ही फ्रेम अशी आली!’’ टाळ्या पडतात. छायालेखक मंचाच्या कडेला उभा असतो. तोही हसतो, कारण त्याच्या मानधनाचा दुसरा हप्ता अजून यायचाय.

या वाक्यामागे आता एक अख्खं तत्त्वज्ञान उभं राहिलंय. स्वतंत्र सिनेमाची दृश्यभाषा म्हणे टंचाईतून जन्मली. सत्यजित राय यांच्याकडे पैसे नव्हते, मृणाल सेन यांच्याकडे नव्हते, मणी कौल यांच्याकडे तर नव्हतेच. म्हणून त्यांच्या छायालेखकांना नवे मार्ग शोधावे लागले, आणि त्यातून जे आलं ते स्टुडिओच्या झगमगाटात कधी आलंच नसतं. तेव्हा टंचाईला नावं ठेवू नका, ती आशीर्वाद आहे. इथवर उघडपणे बोललं जातं. पुढचा भाग बोलला जात नाही, वागण्यातून कळतो: ज्याला आशीर्वाद मिळतोय त्यानं वर पैसेही मागायचे, म्हणजे अतीच झालं.

असं बोलणारे सगळे लबाड असतात असं मी म्हणणार नाही. त्यांतले कितीतरी जण फिल्म सोसायटीत वाढलेले, सिनेमावर जीव असलेले लोक आहेत, आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्याचा एक कणही आहे. त्याकडे मी येणार आहे. पण इतिहास म्हणून हा युक्तिवाद टिकत नाही आणि व्यवहार म्हणून तो लुबाडणूक आहे.

या युक्तिवादाचा सर्वांत लाडका पुरावा म्हणजे राय यांचे छायालेखक सुब्रत मित्र. एकविशीतला पोरगा, त्याआधी सिनेमाचा कॅमेरा कधी चालवलेला नाही, तो ‘पथेर पांचाली’ चित्रित करतो. आणि पुढच्याच ‘अपराजितो’त (१९५६) बाउन्स लाइटिंग करून दाखवतो. दिवे परवडत नव्हते म्हणून बिचाऱ्यानं पांढरं कापड बांधलं, अशा थाटात ही गोष्ट सांगितली जाते. घडलं ते जवळजवळ उलटं. बनारसच्या घराचं अंगण चित्रपटात हवं होतं. पावसाच्या धास्तीनं ते प्रत्यक्ष जागी चित्रित न करता कोलकात्याच्या स्टुडिओत उभारायचं ठरलं आणि कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी तो सेट लावला. मित्र यांचा याला विरोध होता. बनारसच्या अशा घरात उजेड वरून, आभाळाच्या चौकोनातून झिरपतो आणि त्याला सावली जवळजवळ नसते. स्टुडिओच्या दिव्यांनी तो साधणार कसा, असा त्यांचा वाद होता. वादात ते हरले. मग त्यांनी सेटच्या डोक्यावर पांढरं कापड आभाळासारखं ताणलं, दिवे खालून त्या कापडावर मारले आणि परतून येणाऱ्या उजेडात चित्रीकरण केलं.

आता ज्यानं एकदा तरी सेटवर उजेड परतवायला थर्माकोल हातात धरलाय त्याला विचारा. उजेड थेट माणसावर न टाकता कशावर तरी आपटून परत आणला, तर वाटेत त्यातला बराचसा हरवतो. पडद्यावर तेवढंच एक्सपोजर हवं असेल तर दिवे जास्त लागतात. शिवाय त्या काळची फिल्म आजच्या मानानं मंद, तिला उजेड भरपूर लागायचा. म्हणजे ज्या तंत्राला आपण गरिबाचा जुगाड म्हणून मिरवतो ते विजेचं बिल वाढवणारं तंत्र आहे. ते एका छायालेखकाच्या हट्टातून आलं. बनारसचा उजेड बनारससारखाच दिसला पाहिजे, एवढाच तो हट्ट होता. आणि त्या हट्टासाठी स्टुडिओ, सेट आणि दिवे त्याच्या हाताशी होते.

आणि ‘कॅमेरा न चालवलेला पोरगा’ हेही अर्धंच खरं. १९४९-५०च्या सुमारास जाँ रन्वार ‘द रिव्हर’ हा टेक्निकलर चित्रपट कोलकात्याच्या परिसरात करत होते, छायाचित्रण क्लोद रन्वार यांचं. मित्र यांना तिथं काम मिळालं नाही, बघायची परवानगी मिळाली. त्यांनी दिव्यांच्या जागा, कॅमेऱ्याची जागा, नटांच्या हालचाली आकृत्या काढून टिपल्या. त्या नोंदी इतक्या नेमक्या होत्या, की प्रकाशाची सलगता जुळवताना खुद्द क्लोद रन्वार यांनी त्या मागून पाहिल्या. जगातल्या उत्तम छायालेखकांपैकी एकाच्या सेटवर, चांगल्या पैशानं चाललेल्या चित्रीकरणात, त्यांचं शिक्षण झालं. टंचाईच्या शाळेत नाही.

‘पथेर पांचाली’ला पैशाची चणचण होती हे मात्र शंभर टक्के खरं. १९५२च्या ऑक्टोबरात काशफुलांच्या रानात सुरुवात झाली. माणसं नोकऱ्या सांभाळून सुट्टीच्या दिवशी काम करत होती. पुढच्या खेपेला रानात गेले तर गुरांनी तुरे फस्त केलेले, मग त्या दृश्यासाठी पुढच्या हंगामापर्यंत थांबणं आलं. पुढं पैसे संपून काम कितीतरी महिने बंद पडलं, शेवटी पश्चिम बंगाल सरकारनं हात दिला तेव्हा १९५५ साली चित्रपट लागला. मधल्या काळात अपू झालेल्या मुलाचा आवाज फुटला नाही, दुर्गा झालेली मुलगी मोठी दिसायला लागली नाही आणि इंदिर ठाकरूण झालेल्या वयोवृद्ध चुनीबाला देवी हयात राहिल्या, हे तीन चमत्कारच म्हणायचे, असं राय स्वतः म्हणत. तिघांपैकी एकाचं जरी बिनसलं असतं तरी चित्रपट डब्यात गेला असता. आपण चमत्कार झालेला एक चित्रपट पाहतो आणि टंचाईचे गोडवे गातो. ज्यांच्या बाबतीत चमत्कार झाला नाही ते चित्रपट आपल्याला दिसतच नाहीत. त्यांचं रिळही उरलेलं नाही.

मित्र यांच्या पुढच्या कारकिर्दीबद्दल तर टंचाईवादी मंडळी अवाक्षर काढत नाहीत. ‘चारुलता’ त्यांची, ‘तीसरी कसम’ त्यांची, मर्चंट-आयव्हरींचा ‘शेक्सपिअर वाला’ त्यांचा. ‘नायक’नंतर (१९६६) राय यांच्याबरोबरचं काम संपलं. कामात अतिशय आग्रही, प्रकाशयोजनेला वेळ घेणारा माणूस अशी त्यांची ख्याती होती, आणि वेळ म्हणजे पैसा. सत्तरच्या दशकापासून त्यांच्या नावावर दिसणारे चित्रपट विरळ होत जातात. १९८५च्या राष्ट्रीय पुरस्कारांत ‘न्यू दिल्ली टाइम्स’च्या छायालेखनाला दाद मिळाली. अखेरची काही वर्षं त्यांनी कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत विद्यार्थी घडवले आणि २००१ साली ते गेले. अभाव जर प्रतिभेचं खत असेल, तर या देशातल्या बहुधा सर्वांत मोठ्या छायालेखकाच्या शेतात एवढी वर्षं पडीक का गेली?

आता आपल्या जवळचं उदाहरण घेऊ. के. के. महाजन. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर प्रभातच्या जागेत १९६० साली सरकारनं फिल्म इन्स्टिट्यूट काढली, तिथून ते १९६६ साली बाहेर पडले. कुमार साहनी यांचा पदविका-चित्रपट त्यांनी चित्रित केला होता. १९६९ हे वर्ष नव्या सिनेमाच्या प्रत्येक इतिहासात पहिल्या पानावर असतं. त्या सुमारास मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’, बासू चॅटर्जी यांचा ‘सारा आकाश’ आणि मणी कौल यांचा ‘उसकी रोटी’ असे तीन चित्रपट आले. एकमेकांशी काडीचं साम्य नसलेले हे तिन्ही चित्रपट चित्रित केले ते एकाच माणसानं, आणि त्याची पंचविशी जेमतेम आली होती. आपण तीन दिग्दर्शकांची नावं घेतो. तिन्ही श्रेयनामावल्यांत येणारं चौथं नाव बहुतेकांना आठवत नाही. (सुहासिनी मुळे ‘भुवन शोम’मधून आल्या हे मराठी वाचकाला पाठ असतं. त्यांचा सौराष्ट्राच्या वाळूतला चेहरा कोणी उजळला, हे नसतं.)

हे तिन्ही चित्रपट स्वस्तात झाले. कृष्णधवल होते, तारे-तारका नव्हत्या. पण त्यांना पैसा दिला तो फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन या सरकारी महामंडळानं. छायालेखकाला शिकवलं सरकारी संस्थेनं, आणि शिकवलं म्हणजे वर्षानुवर्षं हातात कॅमेरा दिला, कच्ची फिल्म दिली, ती बिघडवायची मुभा दिली, प्रयोगशाळेतून धुऊन आलेल्या फिल्मवर आपली चूक बघायला लावली. ‘भुवन शोम’च्या जमाखर्चात हा पैसा कुठंच दिसत नाही, कारण तो आधीच खर्च होऊन महाजनांच्या डोळ्यांत आणि हातांत जमा झाला होता. या सिनेमाला टंचाईचं अपत्य म्हणणं म्हणजे आईबापांनी घर बांधून दिलेल्या मुलानं ‘मी भाड्याशिवाय जगून दाखवलं’ म्हणण्यासारखं आहे. तो सिनेमा सार्वजनिक पैशाचं अपत्य आहे. हे कबूल केलं तर पुढचा प्रश्न टळत नाही: आज तो पैसा कोण देतंय?

महाजनांना छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार चार वेळा मिळाला: ‘सारा आकाश’, ‘उसकी रोटी’, कुमार साहनी यांचा ‘माया दर्पण’ आणि मृणाल सेन यांचा ‘कोरस’. १९६९ ते १९७४ या सहा वर्षांत चार. सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’त (१९७१) एक गमतीचा प्रसंग आहे. ट्राममध्ये नायक रणजित मल्लिक अचानक प्रेक्षकांकडे वळतो, आपण खरे कोण ते सांगतो, माझ्यावर चित्रपट काढतायत म्हणतो; आणि पडद्यावर खांद्यावर कॅमेरा घेतलेले के. के. महाजन दिसतात. आपल्याकडे छायालेखकाला एवढा रोखठोक प्रवेश क्वचितच कुणी दिला असेल.

टंचाईवाद्यांचं सर्वांत बळकट म्हणणं इथंच येतं, तेव्हा ते पूर्ण ताकदीनं मांडू. ‘उसकी रोटी’त मणी कौल आणि महाजन यांनी मुख्यतः दोनच भिंगं वापरली, २८ मिलिमीटरचं रुंद आणि १३५ मिलिमीटरचं लांब पल्ल्याचं. दोनच भिंगं, मोजके दिवे, आणि तरीही, किंबहुना म्हणूनच, नायिका बालोच्या वाट पाहण्याला ते विलक्षण रूप मिळालं. बंधनं माणसाला नेमकं व्हायला भाग पाडतात, हे खरं नाही का?

खरं आहे. पण ती दोन भिंगं गरिबीनं निवडलेली नव्हती. भाड्याच्या दुकानात तिसरं भिंग मिळत होतं. प्रत्यक्ष आणि मनातलं यांची सरमिसळ दाखवायला दोन टोकांची दोन भिंगं पुरेत, मधलं काही नको, असं कौल यांनी विचार करून ठरवलं. पुढं हाच माणूस झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपद शिकला. रागात अमुक स्वर वर्ज्य असतो तो गायकाच्या गळ्यातून निघत नाही म्हणून नव्हे. स्वतः घालून घेतलेला नियम आणि दुसऱ्यानं लादलेली उणीव यांत हाच फरक आहे. नियम मोडायची मुभा असते, म्हणून तो पाळण्याला अर्थ येतो. ज्याला तिसरं भिंग मागितल्यावर ‘बजेट नाही’ असं उत्तर मिळतं, तो मणी कौल होत नाही. तो दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत लाइन प्रोड्युसरशी हुज्जत घालणारा एक वैतागलेला माणूस होतो.

नैसर्गिक प्रकाशाचंही असंच. ‘सगळं नॅचरल लाइटमध्ये केलं’ हे वाक्य आपल्याकडे काटकसरीचं प्रमाणपत्र म्हणून वापरतात. सूर्य फुकट आहे, पण त्याची वाट पाहणं फुकट नाही. टेरेन्स मॅलिकच्या ‘डेज ऑफ हेवन’चा (१९७८) मोठा भाग सूर्य मावळल्यानंतरच्या वीस-पंचवीस मिनिटांच्या उजेडात टिपला, आणि छायालेखक नेस्तोर आल्मेंद्रोस यांना त्यासाठी ऑस्कर मिळालं. त्या वीस मिनिटांसाठी अख्खं युनिट दिवसभर तयारीत थांबायचं, त्यांचा पगार, जेवण, गाड्या चालू राहायच्या. मागं हॉलिवूडचा एक मोठा स्टुडिओ होता म्हणून ते जमलं. आपल्याकडे काय होतं? छायालेखक रेकीत ठरवतो की हे दृश्य संध्याकाळी साडेसहाला करायचं. पण दिवसाला सात-आठ पानं उरकायची असतात, तेव्हा ते होतं दुपारी दोनला, डोक्यावर ऊन असताना, नाकाखाली काळी सावली पडलेली असताना. मग ‘रॉ’ दिसतंय म्हणून त्याचं कौतुक होतं. ही कौतुकं वाचताना मला छायालेखकाच्या मनात काय चाललं असेल याचीच उत्सुकता वाटते.

एव्हाना कुणीतरी मोबाईल काढतोच. ‘‘अहो, आता कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. शॉन बेकरनं ‘टँजेरीन’ आयफोनवर केला!’’ केला, २०१५ साली आला, आणि उत्तम केला. त्या फोनवर वेगळं अ‍ॅनामॉर्फिक भिंग चढवलं होतं, तोल सांभाळायला आधार जोडला होता, चित्रीकरणाचं खास अ‍ॅप होतं, बेकरबरोबर रेडियम च्युंग हा छायालेखक होता, आणि त्याआधी चार चित्रपट दिग्दर्शित केलेला माणूस ते चालवत होता. महत्त्वाचं म्हणजे त्या यशानंतर हातात पैसे आल्यावर बेकरनं पुढचा ‘द फ्लोरिडा प्रोजेक्ट’ कशावर केला? ३५ मिलिमीटर फिल्मवर. फोन त्यात परतला तो थेट अखेरच्या प्रसंगात, जिथं तो बेकरला हवा होता तिथंच. म्हणजे निवड हाती येताच त्यानं निवड केली. आपल्याकडचे निर्माते या गोष्टीचा पूर्वार्ध सांगतात आणि चहा मागवतात.

कॅमेरा स्वस्त झाला हे निर्विवाद. पण सिनेमाच्या खर्चात कॅमेरा हा कधीच एकटा नव्हता. फोकस पुलर स्वस्त झालेला नाही. जनरेटरचं डिझेल स्वस्त झालेलं नाही. लाइटमन स्वस्त झालेला नाही. त्याची बारा तासांची शिफ्ट सोळा तासांची झाली आहे, एवढंच. टंचाईची किंमत कुणीतरी मोजतंच असतं, आणि ती बहुतेक वेळा सर्वांत खालून मोजली जाते. लाइट कमी म्हटल्यावर तेच चार लाइट दिवसभरात वीस वेळा उचलणारी दोन माणसं असतात. महोत्सवाच्या मंचावर ती कधी दिसत नाहीत.

दुसरा एक आक्षेप याच घरातला आहे, पण उलट्या दारानं येतो. स्वतंत्र सिनेमा करणारा छायालेखक जाहिरात किंवा मोठा हिंदी चित्रपट करायला गेला, की ‘तो आता तिकडचा झाला’ असं हळहळून म्हटलं जातं. महाजनांबद्दलही असं बोलणारे होते. ज्या १९७४ साली त्यांनी ‘कोरस’ केला त्याच साली बासू चॅटर्जींचा ‘रजनीगंधा’ आला, तोही त्यांचाच. मग ‘छोटी सी बात’, ‘चितचोर’. आज ‘छोटी सी बात’ पाहताना बसथांब्यावरची ती सकाळ, जहांगीर आर्ट गॅलरीतलं समोवार, कचेरीतल्या टेबलांवरचा साधा उजेड पाहा. ‘सारा आकाश’मध्ये आग्र्याच्या घरात शिरलेलीच ती नजर आहे, फक्त मुंबईत येऊन रंगीत झालेली. हा माणूस कुठंही ‘गेला’ नव्हता. तो बाजारात आपलं काम घेऊन आला, आणि मध्यमवर्गीय हिंदी सिनेमाला त्याचा चेहरा मिळाला.

हिशेब मांडू. साहनी यांचा ‘माया दर्पण’ १९७२चा, आणि त्यांचा पुढचा कथापट ‘तरंग’ १९८४चा. दोन्हींचं छायालेखन महाजनांचं. मधली बारा वर्षं या शुद्धतावादी मित्रांच्या मते त्यांनी काय खाऊन काढायला हवी होती? बासूदांच्या चित्रपटांनी घर चालवलं म्हणून ‘तरंग’च्या वेळी, ‘ख्याल गाथा’च्या वेळी, ‘कस्बा’च्या वेळी साहनींना त्यांचा छायालेखक जागेवर सापडला. कलात्मक सिनेमाला बाजारानं पोसलं, आणि ज्यांनी पोसलं त्यांनाच आपण पतित ठरवलं.

आज हेच चक्र जास्त वेगानं फिरतंय. अविनाश अरुण हेही पुण्याच्या याच संस्थेतले. कोकणच्या पावसातला ‘किल्ला’ त्यांनी दिग्दर्शित केला आणि चित्रितही केला, २०१४ साली बर्लिनला मुलांच्या परीक्षक मंडळाचं क्रिस्टल बेअर मिळवलं. तो चित्रपट आपल्याकडे जून २०१५मध्ये लागला. जुलैच्या अखेरीस एका आठवड्याच्या अंतरानं आणखी दोन चित्रपट लागले, बनारसच्या घाटांवरचा ‘मसान’ आणि गोव्यात घडणारा अजय देवगणचा ‘दृश्यम’. दोन्हींचे छायालेखक अविनाश अरुण. आता यांतला कोणता ‘इकडचा’ आणि कोणता ‘तिकडचा’ ते सांगा. पुढं त्यांनीच ‘थ्री ऑफ अस’सारखा शांत चित्रपट कोकणात केला. दोन तीरांवर पाय ठेवून उभं राहता आलं म्हणून ते करता आलं, असं मला वाटतं. पण टंचाईवादी या जाण्यायेण्याला चंचलपणा म्हणतील.

आता मुळाशी येतो. फुकट किंवा नाममात्र पैशांवर काम करणं हीच जर या क्षेत्राची प्रवेश-परीक्षा असेल, तर ती कोण उत्तीर्ण होईल? ज्याच्या खोलीचं भाडं वडील भरतात तो. ज्याचं मुंबईत स्वतःचं घर आहे तो. तिशीपर्यंत कमावलं नाही तरी ज्याच्या घरी कुणी बोलत नाही तो. लातूरहून किंवा गडचिरोलीहून आलेला, शिक्षणाचं कर्ज डोक्यावर असलेला, दर महिन्याला घरी पैसे पाठवणं भाग असलेला मुलगा दोन स्वतंत्र चित्रपट करतो, तिसऱ्याला लग्नाचे व्हिडिओ काढायला जातो. मुलीची अडचण दुप्पट, कारण तिला घरच्यांनी दिलेली मुदतही आखूड असते. ही माणसं कमी प्रतिभेची म्हणून गळत नाहीत. टंचाईचा पोवाडा गाणाऱ्यांना वाटतं की आपण गरिबाच्या बाजूनं गातोय. प्रत्यक्षात ते असं दार बांधतायत ज्यातून फक्त खातीपीती घरची पोरं आत येऊ शकतील. मग हीच मंडळी परिसंवाद भरवतात, मराठी सिनेमात गाव एकाच नजरेनं का दिसतं म्हणून.

‘‘आज पैसे नाहीत, पण नाव होईल.’’ ठीक. नावाचं पुढं काय होतं तेही कायद्यात पाहून घ्यावं. १९५७च्या आपल्या कॉपीराइट कायद्यात छायाचित्राचा कर्ता ते काढणारी व्यक्ती असते. चित्रपटाचा कर्ता मात्र निर्माता. आणि छायाचित्राच्या व्याख्येतून चित्रपटाचा कोणताही भाग स्पष्टपणे वगळलेला आहे. तुम्ही लग्नात एक फोटो काढलात तर कायद्याच्या लेखी त्याचे कर्ते तुम्ही. सेकंदाला चोवीस चित्रं या वेगानं दोन तास टिपलीत, तर तुम्ही कुणीच नाही. २०१२च्या दुरुस्तीनं गीतकार आणि संगीतकारांना चित्रपटाबाहेरच्या वापरावर रॉयल्टीचा असा हक्क दिला, जो करारातही सोडून देता येत नाही. ते योग्यच झालं. छायालेखकाला त्यात काही मिळालं नाही. म्हणजे चित्रपट पुढं ओटीटीवर विकला गेला, दहा वर्षांनी नव्यानं झळकला, त्यातली फ्रेम पुस्तकाच्या मुखपृष्ठावर आली, तरी छायालेखकाचा संबंध शेवटच्या पॅकअपला संपलेला असतो. नाव होतं, ते त्याच्या मालकीचं नसलेल्या गोष्टीवर होतं. अशा व्यवस्थेत मानधन हीच त्याची एकमेव मिळकत आहे. तीही ‘पुढच्या सिनेमात बघू’वर ढकलायची असेल, तर त्याला गुंतवणूक म्हणू नका. गुंतवणूकदाराला निदान हिस्सा असतो.

डीआयचं (डिजिटल इंटरमीजिएट) तर विचारूच नका. चित्रपटाचा अंतिम रंग, उजेड, अंधार तिथं ठरतो. छायालेखकानं तिथं बसणं हे त्याच्या कामाचाच भाग आहे. कितीतरी करारांत त्या दिवसांचा उल्लेखच नसतो. तो येतो तो स्वतःच्या हौसेनं, स्वतःच्या रिक्षाच्या पैशांनी. आला नाही तर त्यानं राखून ठेवलेला अंधार कुणीतरी ‘दिसत नाहीये’ म्हणून उजळून टाकतो.

यावर ठरलेलं उत्तर येतं: सगळ्यांना रास्त पैसे द्यायचे म्हटलं तर छोटे सिनेमे होणारच नाहीत. काही होणार नाहीत, हे मला मान्य आहे. पण पैसे कमी असतील तर आकार लहान करायचा असतो, मजुरी नाही. पंचवीस दिवसांऐवजी अठरा दिवसांची पटकथा लिहा. आठ ठिकाणांऐवजी तीन ठिकाणं ठेवा. चैतन्य ताम्हाणेच्या ‘कोर्ट’मध्ये मृणाल देसाई यांचा कॅमेरा बहुतांश वेळ एका जागी रोवलेला आहे, पण त्या स्थिर चौकटीत माणसं नीट वावरावीत म्हणून टेकवर टेक घ्यायला वेळ राखला होता. काटकसर अशी दिसते: एका गोष्टीवर हात आखडायचा, तो दुसरीवर सैल सोडता यावा म्हणून. पैसे नंतरच द्यायचे असतील तर तेही कागदावर लिहा. किती, कधी आणि विक्रीच्या कितव्या रुपयापासून. रेकीचे दिवस लिहा, डीआयचे दिवस लिहा.

आणि शासन. मराठी चित्रपटाला महाराष्ट्र शासन अनुदान देतं, ते चित्रपट पूर्ण होऊन परीक्षण झाल्यावर, आणि ते जातं निर्मात्याकडे. साठच्या दशकात सार्वजनिक पैशानं छायालेखक घडवला. आजचा सार्वजनिक पैसा त्याला वळसा घालून जातो. यात एकच अट वाढवावी: लाइटमनपासून छायालेखकापर्यंत प्रत्येकाचे ठरलेले पैसे चुकते झाल्याचं, त्यांच्याच सह्यांचं पत्र जोडल्याशिवाय रक्कम सुटणार नाही. हे मी एका निर्मात्याला सांगितलं तेव्हा तो म्हणाला, ‘‘मग निम्मे लोक अर्जच करणार नाहीत.’’

करू नयेत.